जॉय स्ट्रीट मराठीत ऐकू येऊ द्या: बॉस्टन परिसरातल्या मराठी मंडळींना खुले पत्र

मेडफर्ड, मॅसॅच्युसेट्स

प्रिय मंडळी,

सप्रेम नमस्कार.

मी सातारची. ३१ वर्षं माध्यमिक शाळेत इतिहास शिकवला आणि आता निवृत्त आहे. मे महिन्यापासून इथे लेकीकडे राहतेय, ऑक्टोबरअखेर परत जाईन. तुमच्यापैकी बऱ्याच जणांची ओळख झाली आहे. गणपतीला तुम्ही मला मोदकांच्या पंगतीत वाढायला उभं केलंत, तेव्हा परकं असं वाटलंच नाही. म्हणूनच हे पत्र हक्काने लिहिते आहे.

तुम्ही आम्हा आईवडिलांना खूप फिरवलंत. हार्वर्ड झालं, एमआयटी झालं, जमिनीवरच्या लाल विटांच्या रेघेवरून स्वातंत्र्ययुद्धाची ठिकाणं झाली, नायगारासुद्धा झाला. पण पार्क स्ट्रीट स्टेशनपासून पाच मिनिटांचा चढ चढला की सुरू होणारा एक रस्ता मला कोणीच दाखवला नाही. जुलैत तो मला एकटीला सापडला. लेकीने फोनमध्ये नॅशनल पार्कवाल्यांचं अॅप घालून दिलं होतं आणि कानात इअरफोन अडकवून दिले होते. 'ब्लॅक हेरिटेज ट्रेल' नावाची ही वाट बीकन हिलच्या उत्तर उतारावरून, गुलामगिरीशी लढलेल्या काळ्या बॉस्टनकरांच्या घरांवरून आणि शाळांवरून जाते. सगळी मिळून सुमारे अडीच किलोमीटर. आपल्या चालीने चालायचं, एकेका दारासमोर थांबायचं, ऐकायचं, पुढे निघायचं. गेल्या तीन महिन्यांत मी ती सात वेळा चालले.

सात वेळा का, ते आधी सांगते. दरवर्षी चाचणी परीक्षेत मी एका गुणाचा एक प्रश्न घालायचे: महात्मा फुले यांनी 'गुलामगिरी' हा ग्रंथ कोणास अर्पण केला? उत्तर ठरलेलं. गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना. मुलं लिहायची, मी बरोबरची खूण करायचे. कोण ही माणसं, हे ३१ वर्षांत एकाही मुलाने विचारलं नाही आणि माझ्याही मनात आलं नाही. १८७३ साली पुण्यात बसून जोतीरावांनी ज्यांना आपलं पुस्तक नजर केलं, त्यांना नावं होती, घरं होती, धंदे होते. त्यातल्या कितीतरी जणांची दारं मला फिलिप्स स्ट्रीटवर आणि जॉय स्ट्रीटवर भेटली. आजही त्या दारांवर कुरिअरची खोकी पडलेली असतात.

वाट सुरू होते ती स्टेट हाउससमोरच्या, म्हणजे राज्याच्या विधानभवनासमोरच्या, ५४ व्या मॅसॅच्युसेट्स पलटणीच्या स्मारकापासून. अमेरिकन यादवी युद्धात लढलेली ही काळ्या सैनिकांची पलटण. ब्राँझमध्ये घडवलेली काळ्या सैनिकांची रांग आणि घोड्यावर त्यांचे गोरे कर्नल रॉबर्ट गूल्ड शॉ. ऑगस्टस सेंट-गॉडन्स या शिल्पकाराने त्यावर वर्षानुवर्षं काम केलं आणि १८९७ मध्ये त्याचं अनावरण झालं. २८ मे १८६३ ला ही पलटण याच बीकन स्ट्रीटवरून कूच करत गेली. १८ जुलैला दक्षिणेतल्या फोर्ट वॅग्नर या किल्ल्यावरच्या हल्ल्यात शॉ आणि त्यांचे कितीतरी सैनिक पडले. पण मला धरून ठेवलं ते पगाराच्या गोष्टीने. गोऱ्या शिपायाला महिन्याला १३ डॉलर. यांना १०, आणि त्यातलेही ३ कपड्यांचे म्हणून कापायचे. मग या लोकांनी पगारच घेतला नाही. वर्षभराहून जास्त काळ फुकट लढले, घरी बायकामुलं अडचणीत असताना लढले, पण सात डॉलरला हात लावला नाही. शेवटी १८६४ मध्ये अमेरिकन काँग्रेसला समान पगार मान्य करावा लागला.

स्मारकाला वळसा घालून मागे जा. सगळे घोड्याचा फोटो काढून निघून जातात, मागे कोणी जात नाही. १८९७ मध्ये तिथे मरण पावलेल्या गोऱ्या अधिकाऱ्यांची नावं कोरली होती. काळ्या सैनिकांची नावं आली ती १९८२ साली. मी ती बोट फिरवत वाचली, वर्गात हजेरी घ्यावी तशी. पलटण पडल्यावर साध्या शिपायाचं नाव दगडावर यायला इतका वेळ का लागतो, हे आपल्या लोकांना वेगळं समजावून सांगावं लागणार नाही.

तिथून जॉय स्ट्रीट उतरत स्मिथ कोर्टला या. एवढीशी बोळ. एका कोपऱ्यावर एबिएल स्मिथ शाळा, तिच्यामागे आफ्रिकन मीटिंग हाउस. देशात आज उभ्या असलेल्या काळ्यांच्या चर्चच्या इमारतींमधली ही सर्वांत जुनी, १८०६ सालची. बांधली मुख्यत्वे काळ्या कारागिरांनीच. ६ जानेवारी १८३२ च्या रात्री, बाहेर वादळ चालू असताना, विल्यम लॉइड गॅरिसन हे गोरे पत्रकार आणि त्यांच्या साथीदारांनी इथे न्यू इंग्लंड अँटी-स्लेव्हरी सोसायटी ही गुलामगिरीविरोधी संस्था स्थापन केली. गॅरिसन यांचं 'लिबरेटर' हे साप्ताहिक त्याच्या वर्षभर आधी सुरू झालं होतं. त्याचे सुरुवातीचे बहुतेक वर्गणीदार काळे लोक होते. गॅरिसन यांचं नाव आपण ऐकतो, पण ते वर्गणी भरणारे न्हावी, खलाशी, धोबिणी आपल्या कानावर येत नाहीत. पुढे गुलामीतून निसटून आलेले नामवंत वक्ते फ्रेडरिक डग्लसही याच इमारतीत बोलले. १८६० च्या डिसेंबरात शहरातली त्यांची सभा गुंडांनी उधळली, तेव्हा त्याच संध्याकाळी ते इथे येऊन बोलले. विसाव्या शतकात ही इमारत ज्यूंचं प्रार्थनास्थळ झाली, मग आफ्रिकन अमेरिकन इतिहासाच्या संग्रहालयाने घेतली, आणि १८५५ साली होती तशी पुन्हा उभी करून २०११ मध्ये सर्वांना खुली केली. आत गेलात तर घाई करू नका. मी बाकावर बसले आणि इअरफोन काढून ठेवले. वरच्या खिडक्यांतून ऊन येत होतं, लाकूड मधूनच वाजत होतं, बाकी काही नाही.

याच वास्तूच्या तळघरात आधी काळ्या मुलांची शाळा भरायची. १८२९ साली तिथल्या विल्यम कूपर नेल या मुलाने परीक्षेत असं यश मिळवलं की शहराचं फ्रँकलिन पदक त्याला मिळायला हवं होतं. पदक गोऱ्या मुलांना दिलं. याला फ्रँकलिन यांच्या चरित्राची प्रत दिली. पदकवाल्या मुलांसाठी मेजवानी होती, तिचं आमंत्रण याला नाही. मग या पोराने काय केलं? वाढप्यांबरोबर आत शिरला आणि पदक मिळालेल्या मुलांच्या पंगतीत वाढत राहिला. ज्या मेजावर बसायचा हक्क होता, त्या मेजावर ताटं ठेवत.

हे ऐकताना मी त्या बोळात उभी होते आणि मला पुढचं ऐकू येईना. तीनदा मागे नेऊन ऐकलं. शाळेतल्या माणसाला ही गोष्ट फार लागते. कारण असं मूल आम्ही पाहिलेलं असतं.

नेल मोठे झाले ते याच बोळातल्या घरात भाड्याने राहिले आणि शाळांमधला भेद संपवण्याच्या लढ्याचे पुढारी झाले. स्मिथ शाळेची इमारत १८३५ मध्ये उघडली होती, पण ती फक्त काळ्या मुलांसाठी, आणि तिची दशा वाईट. सारा रॉबर्ट्स ही पाच वर्षांची मुलगी. घरापासून या शाळेपर्यंत चालत येताना वाटेत गोऱ्यांच्या पाच शाळा लागायच्या, आणि त्या पाचही तिला बंद. तिचे वडील बेंजामिन रॉबर्ट्स कोर्टात गेले. वकील होते रॉबर्ट मॉरिस, देशातल्या पहिल्या काही काळ्या वकिलांपैकी एक, आणि त्यांच्या जोडीला चार्ल्स सम्नर हे गोरे वकील. १८५० मध्ये निकाल विरुद्ध गेला. तरी लोक थांबले नाहीत. आईवडिलांनी मुलं शाळेतून काढून घेतली, अर्जांवर अर्ज केले, आणि १८५५ मध्ये मॅसॅच्युसेट्सने कायदा करून हा भेद बंद केला.

आता सालं पुन्हा एकदा पाहा. १८४८ मध्ये सारा रॉबर्ट्सचा लढा बॉस्टनच्या कोर्टात पोचतोय, त्याच वर्षी पुण्यात भिडे वाड्यात जोतीराव आणि सावित्रीबाई मुलींची शाळा उघडतात. १८५५ मध्ये इथल्या शाळांची दारं उघडतात, त्याच वर्षी त्यांच्या शाळेतली मुक्ता साळवे ही मांग समाजातली मुलगी आपल्या लोकांच्या दुःखावर निबंध लिहिते आणि तो 'ज्ञानोदया'त छापून येतो. नुसता योगायोग म्हणून मी हे सांगत नाही. 'ज्ञानोदय' कोणाचं? अहमदनगरच्या अमेरिकन मराठी मिशनचं. ते मिशन कोणाचं? अमेरिकन बोर्ड या मिशनरी संस्थेचं, जिचा कारभार या बॉस्टनमधून चालायचा. त्याच बोर्डाने पाठवलेल्या सिंथिया फरार १८२७ मध्ये मुंबईला उतरल्या, पुढे नगरला मुलींच्या शाळा चालवू लागल्या. जोतीरावांनी त्यांची शाळा पाहिली आणि पुण्यात शाळा काढायचं मनावर घेतलं, सावित्रीबाईंनी त्यांच्याकडे शिक्षणाचे धडे घेतले. १४ बीकन स्ट्रीटवरच्या काँग्रिगेशनल हाउसमध्ये या बोर्डाचं कार्यालय पुढे अनेक वर्षं होतं. शॉ यांच्या स्मारकापासून ते चालत पाच मिनिटांवर आहे. नगर, पुणे आणि बीकन हिल यांच्यामधली वाट इतकी जवळची आहे, आणि आपण तिच्यावरून चाललोच नाही.

तिथेही एक अवघड गोष्ट आहे, ती लपवू नये. गुलामगिरीच्या प्रश्नावर हे बोर्ड ठाम उभं राहिलं नाही. गुलाम बाळगणाऱ्यांच्या देणग्यांवरून आणि त्यांच्या सदस्यत्वावरून इथल्या गुलामगिरीविरोधकांनी त्याला धारेवर धरलं, आणि १८४६ मध्ये नाराज लोकांनी वेगळी मिशनरी संस्था काढली. म्हणजे नगरच्या मुलींसाठी दार उघडणारे हात आपल्या देशातल्या गुलामांसाठी कचरत होते. फरारबाईंचं ऋण मी मानते. हेही मानते.

आणि हेडन यांचं घर. ६६ फिलिप्स स्ट्रीट. साधं विटांचं घर, आत आज दुसरी माणसं राहतात, त्यामुळे बाहेरूनच पाहायचं. लुईस हेडन केंटकीत गुलाम म्हणून जन्मले. लहानपणी मालकाने त्यांना गाडीच्या दोन घोड्यांच्या बदल्यात देऊन टाकलं. १८४४ मध्ये ते बायको हॅरिएट आणि मुलाला घेऊन निसटले, बॉस्टनला आले, कपड्यांचं दुकान टाकलं. हॅरिएटबाई या घरात खानावळ चालवायच्या, आणि त्या खानावळीत पळून आलेल्या माणसांना आसरा मिळायचा. १८५० मध्ये कायदा आला की पळालेल्या गुलामाला देशात कुठेही पकडून मालकाकडे परत करायचं. तेव्हा जॉर्जियाहून आलेलं विल्यम आणि एलन क्राफ्ट हे जोडपं इथे होतं. दोन वर्षांपूर्वी गोऱ्या रंगाच्या एलनने पुरुषाचा वेष घेतला होता, आजारी जमीनदार बनून, आणि नवऱ्याला नोकर म्हणून सोबत घेऊन, आगगाडी आणि बोटीने उजळ माथ्याने उत्तरेला आली होती. हात झोळीत बांधलेला, कारण लिहिता येत नव्हतं आणि वाटेत सही मागतील ही भीती. त्यांना पकडायला माणसं आली तेव्हा हेडन यांनी दारूगोळ्याची पिंपं तयार ठेवली होती आणि आत पाऊल टाकाल तर घर उडवून देईन असं बजावलं होतं, असं सांगतात. क्राफ्ट दांपत्य सुखरूप इंग्लंडला पोचलं. हॅरिएटबाई १८९३ मध्ये गेल्या आणि आपली मिळकत हार्वर्डच्या वैद्यकीय शाळेला देऊन गेल्या, काळ्या विद्यार्थ्यांच्या शिष्यवृत्तीसाठी. एक बाई गुलामीत जन्मली, खानावळीत आयुष्यभर भाकरी थापाव्यात तसं राबली, आणि शेवटी डॉक्टर घडवायला पैसे ठेवून गेली.

सगळं असं गोड झालं नाही. १८५४ मध्ये गुलामीतून पळून आलेल्या अँथनी बर्न्स यांना पकडलं, कोर्टाचं दार फोडायचा प्रयत्न फसला आणि २ जूनला सैनिकांच्या पहाऱ्यात त्यांना भर रस्त्यातून बंदराकडे नेलं. सुमारे ५० हजार माणसं दुतर्फा उभी होती. खिडक्यांना काळी कापडं लावलेली. पुढच्या वर्षी रेव्हरंड लेनर्ड ग्राइम्स यांच्या पुढाकाराने पैसे जमवून त्यांना सोडवून आणलं.

माझं मागणं आता सांगते. ही वाट मराठीत ऐकू येईल असं तुम्ही करा.

मला इंग्रजी वाचता येतं, तरी रस्त्याच्या आवाजात, कानात घातलेल्या अमेरिकन उच्चारांत, अर्ध्याहून जास्त निसटलं. सात वेळा गेले याचं हेही एक कारण. माझ्यासारखे किती आईवडील दर उन्हाळ्यात येतात! मुलं कामावर जातात, हे दिवसभर खिडकीत. त्यांना हे मराठीत मिळालं तर ते जातील. चढ आहे, विटांचे फरसबंद वरखाली झालेले आहेत, हे मात्र रेकॉर्डिंगमध्ये आधीच सांगा. कुठे टेकायला जागा आहे, कुठे स्वच्छतागृह आहे, कोणतं घर खाजगी आहे म्हणून पायरीवर बसू नये, तेही सांगा.

तुमच्या रविवारच्या मराठी शाळेतल्या मोठ्या मुलांना हे काम द्या. एकेकाला एकेक थांबा. त्यांनी इंग्रजीत वाचावं, मग आजीला फोन करून विचारावं की हे मराठीत कसं म्हणायचं. उच्चार अडखळले तर अडखळू द्या. मागे सनई-तबला नको, नाटकी आवाज नको. एका थांब्याला चार-पाच मिनिटं पुरे. आणि तयार झाल्यावर संग्रहालयातल्या आणि पार्कमधल्या जाणत्यांना दाखवून मजकूर तपासून घ्या. ही त्यांच्या पूर्वजांची गोष्ट आहे. आपण पाहुणे म्हणून ती सांगणार आहोत, तेव्हा आधी त्यांना विचारायचं.

शब्दांचाही विचार करा. पळून आलेल्या गुलामांना घराघरांत लपवत पुढे पोचवणारी हेडन यांच्यासारख्यांची जी साखळी होती, तिला इंग्रजीत 'अंडरग्राउंड रेलरोड' म्हणतात. तिला कुठे कुठे भुयारी रेल्वे लिहिलेलं मी पाहिलं. ना भुयार होतं, ना रेल्वे. आमच्या सातारा भागात १९४२ च्या चळवळीनंतर पत्री सरकारातली माणसं रानोमाळ फिरत, तेव्हा त्यांना भूमिगत म्हणायचे. माझी आजी सांगायची, रात्री दोन भाकरी जास्तीच्या थापून फडक्यात बांधून ठेवायची, आणि सकाळी फडकं रिकामं असायचं. कोण आलं, कोणी विचारायचं नाही. हेडन यांच्या घरासमोर मला तेच फडकं आठवलं. भूमिगतांची वाट म्हणा, कोणत्याही मराठी माणसाला लगेच कळेल. आणि लुईस हेडन 'होता' असं म्हणू नका, 'होते' म्हणा. हॅरिएटबाई म्हणा. गुलाम म्हणून जन्मलेल्या माणसांना अहोजाहो करणं एवढं तरी आपल्या भाषेला सहज जमतं.

आणखी एक लिहायचं राहिलं तर पत्र अर्धवट होईल. ऑगस्टमध्ये एका घरी जेवायला गेलो होतो. बोलता बोलता एका गृहस्थांनी मला प्रेमाने सल्ला दिला की अमुक भागात एकट्या जाऊ नका, तिथे काळे राहतात. पंगतीत शिकली-सवरलेली माणसं होती, भिंतीवर फुले-आंबेडकरांची तसबीर होती. कोणी काही बोललं नाही. मीही गप्प बसले, आणि ते मला त्या दिवसापासून सलतंय. जोतीरावांनी अर्पणपत्रिकेत एवढंच मागितलं होतं की अमेरिकेतल्या या लोकांचा कित्ता माझ्या देशबांधवांनी गिरवावा. आपल्यातली जात आणि आपल्या तोंडचा 'काळे' हा शब्द, दोन्ही आपण विमानातून सोबत आणले आहेत. मुलांनी नेल यांची गोष्ट स्वतःच्या आवाजात मराठीत सांगितली, तर घरातल्या जेवणाच्या टेबलावर पुढच्या वेळी कोणीतरी मधे बोलेल अशी मला आशा आहे.

सुरुवात मी करून ठेवली आहे. स्मारक, मीटिंग हाउस, स्मिथ शाळा, नेल यांचं घर, हेडन यांचं घर आणि १४ बीकन स्ट्रीट, अशा सहा थांब्यांचा मजकूर दोनशे पानी वहीत मराठीत लिहिलाय. अक्षर बरं आहे. वही लेकीकडे ठेवून जाते. ऑक्टोबरच्या शेवटच्या दोन रविवारी सकाळी दहाला मी शॉ स्मारकाच्या मागच्या बाजूला, नावांपाशी उभी असेन. ज्यांना यायचंय त्यांनी यावं. थंडी वाजेल, कानटोपी घालून या. फोन नसला तरी चालेल, तेवढे दोन दिवस मीच वाचून दाखवीन.

आपली,
सातारची एक निवृत्त शिक्षिका